रिकाम्या हातांची फेरी

संयोगितानं अमरसिंहला उद्देशून काढलेला पहिला शब्द होता – थांबा.

आता प्रेमाची सुरुवात व्हायला हा काही फार शुभ शब्द नव्हे. पण सकाळच्या ड्यूटीवर नुकत्याच आलेल्या सिस्टरच्या तोंडून याहून गोड काही निघत नसतं. आणि वॉर्डाच्या दारात छाती काढून उभ्या राहिलेल्या शिवाजी पेठेतल्या माणसाला याहून गोड बोललेलं ऐकूही जात नसतं.

तो म्हणत होता, "सिस्टर, आमच्या तात्यांचं ड्रेसिंग तेवढं पयलं करून घ्या की. मला शेड उघडायची हाय."

"थांबा," ती म्हणाली. त्याच्या तोंडाकडे तिनं बघितलंसुद्धा नाही. बघितले ते हात. सिस्टर लोकांची नजर आधी हातावरच जाते, शीर कुठे सापडेल ते बघायची सवय. या हातांच्या पेरांत वंगणाचा काळा रंग मुरलेला होता आणि उजव्या हाताची करंगळी कधीतरी मोडून वाकडीच जुळलेली. एवढं मनात नोंदवून ती पुढे गेली.

राजारामपुरीतल्या त्या दवाखान्यात पुरुषांचा ऑपरेशनवाला वॉर्ड तिच्याकडे असायचा. रात्रपाळीच्या सिस्टरबरोबर एकेका खाटेशी उभं राहून चार्ज घेऊन झाला की बाकीच्या लगेच कामाला लागत. कुणी औषधाचा ट्रे उचले, कुणी बी.पी.चं मशीन. संयोगिताची मात्र एक खोड होती. ट्रॉली भिंतीला, हात रिकामे, आणि वॉर्डातून एक फेरी. कुणाला सुई नाही, गोळी नाही. नुसतं बघायचं. कोण कुठल्या कुशीवर झोपलाय, कोण पोट धरून बसलाय, कुणाचा डबा न उघडता तसाच पडलाय, काल बडबडणारा कोण आज छताकडे बघतोय... त्या एका फेरीत तिच्या डोक्यात दिवसभराची रांग लागायची. आधी कोण, मग कोण, कोण निवांत थांबू शकतो, आणि कुणाला थांबवलं तर अंगाशी येईल. रांग कशी लावायची ते कॉलेजात शिकवलं होतं. हात रिकामे ठेवायचे, हे मात्र तिचं तिनं शोधलेलं. हातात काही असलं की डोळे त्या वस्तूच्याच मागे जातात, असं तिचं म्हणणं.

वॉर्डातल्या चिमणाबाई मावशींना हे काही पटत नसे. "नुसती हिंडतीया," त्या फडकं पिळत म्हणायच्या. "जणू देवळाला फेरी घालाय आलीया. तवर माझी निम्मी फरशी पुसून हुती."

त्या सकाळी फेरी घालताना तिच्या कानावर सगळ्यात मोठा आवाज येत होता तो आकाराम मामांचा. हे हातकणंगल्याचे. अपेंडिक्सचं ऑपरेशन झालेलं, आणि पोटात कुणी नांगर घातलाय असं ते अख्ख्या मजल्याला सांगत होते. त्यांच्या शेजारच्या खाटेवर तात्या. हर्नियाचं ऑपरेशन झालेले, साखरेचे जुने पेशंट, एके काळी तालमीत पोरांना घाम गाळायला लावणारे वस्ताद. भिंतीला टेकून ते गालातल्या गालात हसत होते.

"मला काय न्हाय, पोरी," ते हळूच म्हणाले. "बरा हाय मी. त्यो पावणा वरडाय लागलाय, त्याला बघ आधी."

संयोगिता जागीच थांबली. हसू होतं, पण ते चेहऱ्यावर तसंच राहून गेलं होतं, वळचणीला विसरलेल्या कंदिलासारखं. कपाळाला हात लावला तर घाम, आणि तो गार. उशाशी नाश्त्याचा डबा, झाकण घट्ट. पहाटेचं इन्सुलिन मात्र गेलेलं होतं, ते तिनं चार्ज घेतानाच ऐकलं होतं.

"तात्या, खाल्लं का नाही?"

"खातो की... पोराला उशीर हुतोय म्हटलं, त्यो गेला की..." पुढचं वाक्य त्यांच्या जिभेवरच विरघळलं.

मग सगळं भराभर झालं. बोटाला टोचून साखर बघितली, ती फार खाली गेलेली. डॉक्टरांना फोन, सलाईनमधून ग्लुकोज, एक हात नाडीवर. दारातला माणूस आता खाटेपाशी येऊन उभा होता.

"पडदा ओढा," ती त्याला म्हणाली. "आणि त्यांच्याशी बोलत राहा. त्यांचं नाव घेऊन."

तो बोलत राहिला. तालमीबद्दल, पोरांबद्दल, लहानपणी खाल्लेल्या माराबद्दल. थोड्या वेळानं तात्यांनी डोळे नीट उघडले आणि सांगितलं की त्यो मार कमीच झाला. तेव्हा कुठे संयोगितानं हात नाडीवरून काढला. डॉक्टर आले, त्यांनी तपासलं, वेळेत लक्ष गेलं म्हणून समाधान बोलून दाखवलं, आणि पुढच्या राउंडला गेले. पलीकडे आकाराम मामांनी तक्रार केली की आपण एवढं बोंबलतोय तर कुणी ढुंकून बघत नाही. ती त्यांचं इंजेक्शन भरत म्हणाली, "मामा, तुम्ही ओरडताय म्हणजे तुमचा श्वास छान चाललाय." सगळा वॉर्ड हसला. मामाही हसले आणि टाके ओढले म्हणून पुन्हा ओरडले.

नंतर बाहेरच्या पॅसेजमध्ये अमरसिंह तिच्यासमोर उभा राहिला. वडील लहानपणीच गेलेले, तात्यांनी, चुलत्यानंच वाढवलेलं पोर. शेड उघडायची राहिली ती राहिलीच होती.

"तुम्हाला कळलं कसं?" त्यानं विचारलं. "मी एवढा त्यांच्याजवळ हुतो... मला दिसलं न्हाय."

"आकाराम मामा ओरडत होते आणि तात्या गप्प होते," ती म्हणाली. "जो गप्प, त्याच्याकडे आधी जायचं."

त्यानं मान डोलावली. मग म्हणाला, "आमच्यात बी असंच असतंय. मी गोलकीपर हाय. ज्याच्या पायात बॉल, त्याच्याकडं सगळं स्टेडियम बघतंय. गोलकीपरनं ज्याच्या पायात न्हाय त्याच्याकडं बघायचं असतंय. घात त्योच करतो."

तेव्हा संयोगितानं त्याच्या हातावरची नजर पहिल्यांदा वर नेली. तिला जरा उशीरच झाला होता म्हणा. त्याचं तिच्याकडे बघून केव्हाच झालं होतं.

दुसऱ्या दिवशी तो पाना आणि वंगणाचा डबा घेऊन आला.

वॉर्डातली ड्रेसिंगची ट्रॉली ढकलली की तिचं पुढचं चाक असं किंचाळायचं की झोपलेला पेशंट उठून बसावा. स्टोअरला कळवून झालं होतं, पुन्हा कळवून झालं होतं. अमरसिंहची उद्यमनगरात फॅब्रिकेशनची शेड, त्यामुळे असला आवाज ऐकला की त्याच्या अंगावर काटा यायचा म्हणे. तो जमिनीवर मांडी घालून बसला, चाक उघडलं, त्यातून केस, दोरे आणि कापसाचा एक बोळा काढला, आणि वंगण घातलं. ट्रॉली मांजरीसारखी चालायला लागली.

"आता तुमी आलाय ते पेशंटला कळायचं न्हाय," तो म्हणाला.

"बरंच झालं. मी येतेय कळलं की सगळे झोपेचं सोंग घेतात."

"मी न्हाय घेणार."

"तुम्ही पेशंट नाही."

"त्येच तर दुखणं हाय."

चिमणाबाई तिथेच खिडक्या पुसत होत्या. त्यांनी एकच काच पाच वेळा पुसली.

मग ते रोजचंच झालं. डबा घेऊन यायचा, तात्यांशी बसायचा, आणि ती जवळून गेली की तोंड अगदी सरळ ठेवून विचारायचा, "आज माझा नंबर लागंल काय, सिस्टर?"

"काय होतंय तुम्हाला?"

"काय न्हाय."

"मग तुम्ही सगळ्यात शेवटी."

तो शेवटी थांबायचा. जिन्याच्या पायरीवर, पार्किंगमध्ये, चहाच्या गाड्यावर. तिची ड्यूटी सुटली की तिच्या होस्टेलच्या रस्त्यानं दोघं गप्पा मारत चालायची, तो मोटरसायकल हातानं ढकलत. बसा म्हणायचं धाडस त्याला बरेच दिवस झालं नाही. तात्या घरी गेले, तरी तो वॉर्डात येतच राहिला. चाकाला म्हणे फॉलोअप लागतो.

एका संध्याकाळी त्यानं तिला गंगावेशीतल्या दूध कट्ट्यावर नेलं. समोर म्हशीची धार काढून फेसाळ पेला हातात देतात, तिथे. संयोगिता नेसरीची, गोठ्यात वाढलेली. तिनं एका दमात पेला संपवला. वरच्या ओठावर फेसाची मिशी उमटली. तो बघत राहिला. सांगावं तर बघणं संपेल, न सांगावं तर लोक हसतील... शेवटी त्यानं आपल्या ओठावर बोट फिरवून खुणावलं आणि रुमाल पुढे केला. रुमालाला वंगणाचा वास होता. तिला तो आवडला, आणि आवडला याचं तिचं तिलाच नवल वाटलं.

त्या दिवशी ती त्याला सांगत होती की सकाळी लावलेली रांग दुपारपर्यंत कशी मोडून पडते. नवा पेशंट येतो, कुणाचं सलाईन अडतं, कुणाचा नातेवाईकच चक्कर येऊन पडतो.

"मग काय करता?"

"पुन्हा फेरी. पुन्हा बघायचं, पुन्हा रांग. सकाळी बरा होता तो दुपारीही बराच असेल असं धरून चालत नाही. फसायला होतं ते तिथंच."

हे वाक्य तुम्ही लक्षात ठेवा. तिनं ठेवलं नाही.

परत येताना होस्टेलच्या फाटकाशी त्यानं गाडी बंद केली. ती आता मागच्या सीटवर बसायला लागली होती. अंधारून येत होतं, कुठूनतरी भाकरी भाजल्याचा वास येत होता. तो हँडलवरच्या आरशाशी चाळा करत म्हणाला, "तात्या म्हणत्यात... नेसरीला जाऊन तुमच्या वडलांना भेटावं. रीतसर. मी म्हटलं, आधी ज्यांचा वॉर्ड हाय त्यांना विचारतो."

संयोगिताच्या छातीत जे काही झालं ते तिला मोजता आलं नसतं. उत्तर जिभेवर तयारच होतं. तेवढ्यात पर्समधला फोन वाजला. वॉर्डातल्या दोन सिस्टर आणि राजवीर ब्रदर, तिघंही तापानं पडले होते. शहरात साथच होती. उद्यापासून डबल ड्यूटी, इनचार्ज सिस्टर सांगत होत्या.

तिनं फोन ठेवला आणि त्याच्याकडे बघितलं. घाईत ड्रेसिंग करू नये, तसं घाईत ‘हो’ही म्हणू नये असं तिला वाटलं. निवांत बसावं, नीट म्हणावं, आयुष्यात एकदाच म्हणायचं असतं ते.

"जरा... थांबाल?" ती म्हणाली. "एवढी गर्दी सरू दे."

"थांबतो की," तो म्हणाला. "थांबायला तर तुमीच शिकवलंय."

पुढचे दिवस वॉर्डानं गिळले. सकाळी जायचं ते रात्री यायचं, पायांना धोंडे बांधल्यासारखं चालायचं. त्याचे मेसेज यायचे. जेवला काय? झोप झाली काय? ती दुसऱ्या दिवशी उत्तर द्यायची, कधी तेही राहायचं. मग मेसेज विरळ झाले. तिनं विचारलं की बरे आहात ना, तर उत्तर यायचं: बरा हाय, तुमचं चालू दे. केवढा समजूतदार माणूस, असं वाटून तिचा ऊर भरून यायचा, आणि ती निर्धास्त होऊन पुढच्या खाटेकडे वळायची. समजूतदार माणसाचं नशीबच असं. त्याच्या समजूतदारपणाचं कौतुक होतं आणि त्याचा नंबर मागे जातो.

चाक पुन्हा कुरकुरायला लागलं ते तिच्या ध्यानातही आलं नाही. ते आलं चिमणाबाईंच्या. "आपला वंगणवाला पावणा फिरकला न्हाय की गं बऱ्याच दिसांत," त्या म्हणाल्या. संयोगिता म्हणाली, त्यांनाही कामं असतात. आणि सलाईन बदलायला गेली.

मग एका सकाळी आकाराम मामा आले. त्यांची जखम एका टोकाला ओली राहिली होती, ती दाखवायला अधूनमधून हातकणंगल्याहून येत. ड्रेसिंगच्या टेबलावर आडवे झाले आणि छताकडे बघून सगळ्यांना ऐकू जाईल अशा बेतानं म्हणाले, "सिस्टर, तुमच्या वॉर्डातनं सोयरीक जुळाय लागलीया बघा."

"कुणाची, मामा?" ती चिमट्यात कापूस धरत म्हणाली.

"तात्यांचा पुतण्या न्हवं का, त्यो गोलकीपर. त्याला आमची भाची द्यायची म्हणतोय. तात्या आन् मी आता घरच्यागत झालोय. ह्या रविवारी बघायला येत्यात."

चिमटा थांबला नाही. जखमेच्या कडेनं तो बाहेरच्या बाजूला फिरला, कापूस टाकला, दुसरा घेतला. तिचे हात असे होते की खाली भुई हलली तरी ड्रेसिंग पुरं करतील.

"आणि... ते काय म्हणाले?"

"कोण, पोरगा? काय बी म्हणला न्हाय. गप्प बसला." मामा समाधानानं हसले. "गप्प म्हंजे होच की."

पट्टी चिकटवून संयोगितानं ट्रॉली मागे ओढली. चाक किंचाळलं. वॉर्डातले चार जण वळून बघायला लागले. ती ट्रॉलीचा दांडा धरून तशीच उभी राहिली.

गप्प. तो गप्प बसला होता. किती दिवस गप्प होता तो? आणि ती, गप्प माणसाकडे आधी जायचं हे नव्या पोरींना शिकवणारी, आकाराम मामांना टोमणे मारणारी... तिनं त्याला ‘बरा आहे’ म्हणून रांगेच्या शेवटाला लावलं होतं आणि पुन्हा एकदाही वळून बघितलं नव्हतं. त्याला थांबता येतं म्हणून त्याला थांबवलं. एवढंच त्याचं चुकलं होतं की त्याला थांबता येत होतं.

फोन करावा असं आलं मनात. पण हे फोनवर उरकायचं नव्हतं. आणि वॉर्ड भरलेला होता. दोन ऑपरेशनहून आलेले, एक ऑपरेशनला जायचा, आणि कोपऱ्यातले केरबा आजोबा, ज्यांना उठवून चार पावलं चालवायचं होतं. प्रेमात पडलेल्या माणसानं अशा वेळी सगळं टाकून धावत सुटायचं असतं, असं तुम्ही कथेत वाचलं असेल. तिथं कोपऱ्यात केरबा आजोबा नसतात.

तिनं ट्रॉली भिंतीला लावली. हात रिकामे केले. आणि भर कामाच्या वेळेला पुन्हा एक फेरी घातली, सावकाश, एकेका तोंडाकडे बघत. डोक्यातली रांग पुन्हा लावली. ऑपरेशनहून आलेल्या पोराची नाडी आत्ता, त्याच्या शेजारच्याची सलाईनची बाटली संपायच्या आत, गोळ्या त्यानंतर. कपडे बदलणं चिमणाबाईंबरोबर. केरबा आजोबा जेवणाआधी, कारण जेवल्यावर ते ऐकत नाहीत. आणि त्या रांगेत, पहिल्यांदाच, तिनं वॉर्डाबाहेरचा एक माणूस धरला. शेवटी नव्हे, ड्यूटी सुटल्यावर सगळ्यात आधी.

डबल ड्यूटी होतीच. पण तापातून उठलेला राजवीर ब्रदर त्या दुपारी कामावर येणार होता. तो आल्या आल्या तिनं विचारलं, संध्याकाळचं तू घेशील का. त्यानं तिच्याकडे बघितलं आणि काही न विचारता एप्रन चढवला. एवढ्या दिवसांत तुम्ही पहिल्यांदा काही मागितलंत, म्हणाला. इनचार्ज सिस्टरांनी मान हलवली. मग खाटेमागून खाट ती चार्ज देत गेली. कुणाचा ताप, कुणाची नळी, कुणाला कशाची धास्ती. घाई पायात होती, जिभेवर तिनं येऊ दिली नाही. शेवटच्या खाटेशी, केरबा आजोबांचं सांगताना, ती म्हणाली, "हे दुखत नाही म्हणतात. त्यावर जाऊ नकोस. उठताना तोंड बघ."

चिमणाबाई तिची पर्स घेऊन दारात उभ्याच होत्या. "मी सांगतो तुला," त्या म्हणाल्या, "वंगण लावायचं असलं तर चाक घिऊन जाया लागत न्हाय. नुसतं जायाचं."

संध्याकाळी गांधी मैदानावर आभाळ भरून आलं होतं. वळवाचे चार-दोन टपोरे थेंब पडायचे, थांबायचे, धुरळ्याचा वास उठायचा. पेठेतली पोरं सराव करत होती. कडेच्या दगडी पायरीवर तात्या काठीवर हनुवटी टेकून बसले होते. अमरसिंह गोलात उभा होता, पाठमोरा.

ती मागून, जाळीपाशी जाऊन उभी राहिली.

"अहो," ती म्हणाली.

"थांबा," तो म्हणाला. वळलाही नाही. कोपऱ्यातून बॉल येत होता.

संयोगिता थांबली. जाळीच्या गाठीत बोटं अडकवून. हा शब्द दिवसातून किती जणांना ती देत होती, आणि तो झेलायला कसा लागतो हे तिला आज कळत होतं. पायाखालची जमीन असते तिथेच, पण आपली नसते. आपण उभे असतो आणि सगळं दुसऱ्याच्या हातात असतं.

बॉल आला, त्यानं हवेतच तो पकडला, पुढे भिरकावला, आणि मग वळला. केस घामानं चिकटलेले, गालावर माती.

"तुमी?" तो म्हणाला. "ड्यूटी?"

"राजवीरला दिली."

"मग... चाक वाजतंय काय?"

"वाजतंय. पण त्यासाठी नाही आले." तिनं त्याच्याकडे नीट बघितलं, वॉर्डात बघायची तसं. डोळ्यांखाली काळं, गालफडं आत गेलेली. "कसे आहात?"

"मला काय न्हाय." त्यानं हातमोजे सारखे केले. "बरा हाय मी."

आणि तिथं संयोगिताची शिकलेली भाषा संपली. वॉर्डात ती ‘जाते, येते’ बोलायची. नेसरीच्या गोठ्यात, शेतात, मनात, ती तिकडच्या सगळ्या बायकांसारखी, चिमणाबाईंसारखी, ‘जातो, येतो’ म्हणत मोठी झालेली.

"त्या दिशी तात्याबी हेच म्हणालते," ती म्हणाली. "चुकलो की मी. जो गप्प त्याच्याकडं आधी जायचं म्हणून जगाला सांगत हिंडतो, आणि तुम्हाला शेवटाला ठेवलं. बरा हाय म्हणालासा, ते खरं धरलं. परत बघितलंच न्हाय."

जाळीच्या त्या बाजूला तो, ह्या बाजूला ती. हातमोज्यातल्या वाकड्या करंगळीनं तो जाळीचा एक दोरा ओढत होता.

"मला वाटलं," तो म्हणाला, "न्हाय म्हणायला जीव हुईना, म्हणून थांबा म्हणताय."

"हो म्हणायला निवांत वेळ पायजे हुता."

"आज हाय?"

"न्हाय. उद्या सकाळची ड्यूटी हाय."

त्याला हसू आलं, पण त्यानं ते धरून ठेवलं. "रविवारी हातकणंगल्याला जायाचं हाय. तात्यांना शब्द दिलाय. पोहे खायाचे, गप्प बसायचं, परत यायचं."

"गप्प बसलं की लोकं हो धरत्यात."

"तुमी काय धरता?"

मैदानाच्या पलीकडच्या टोकाकडून कुणीतरी बॉल मारला होता. संयोगिताला तो त्याच्या खांद्यावरून येताना दिसत होता, मोठा मोठा होत. त्याला सांगायला हवं होतं.

"मी काय धरत न्हाय," ती म्हणाली. "मी हो म्हणाय आलोय."

बॉल त्याच्या कानाजवळून आला आणि जाळीत येऊन थांबला, अगदी तिच्या पोटापाशी. पोरांनी एकच गिल्ला केला. अमऱ्याच्या नावानं जे काही ओरडली ते इथं लिहिण्यासारखं नाही. अमरसिंहनं मान वळवली नाही.

"गप बसा रं," पायरीवरून तात्यांचा आवाज आला, तालमीतला जुना आवाज. "आयुष्यात पयल्यांदा जिकडं बघाय पायजे तिकडं बघतोय त्यो." मग ते काठी टेकत उठले, चार पावलं पुढे आले आणि संयोगिताला म्हणाले, "पोरी, आकारामाला मी सांगतो. वरडंल जरा. वरडू दे." त्यांचे डोळे हसले. "वरडणाऱ्याला काय हुत न्हाय."

ते निघून गेले. थेंब आता जरा दाट झाले होते, पोरं पायरीखाली पळाली होती. अमरसिंह जाळीला वळसा घालून तिच्या बाजूला आला, आणि मग काय करावं ते न कळून तिच्या हातांकडे बघत राहिला. पर्स खांद्याला होती. हातात काही नव्हतं.

"रिकाम्या हातानं आलाय," तो म्हणाला. ती फेरी त्याला ठाऊक होती.

"हात बघू."

त्यानं हातमोजा काढला. तळहात ओला, मातीनं माखलेला, आणि पेरांत तेच जुनं वंगण. तिनं मनगट धरलं आणि बोटं नाडीवर ठेवली. पाऊस दोघांच्या मधून आणि आजूबाजूनं पडत होता.

"काय म्हणतीया?" त्यानं हळूच विचारलं.

"थांबा," संयोगिता म्हणाली.

तो थांबला. नाडी मोजून केव्हाच झाली होती, तरी तिनं हात सोडला नाही.